एकशे बारा

उदगीरला, टायरच्या दुकानावरच्या खोलीत
हप्त्यावरचा कीबोर्ड उघडला.
एकशे पाच दाबलं : सतार.
नव्या सोयरिकीतल्या पाहुण्यासारखी, जरा जास्तच स्वच्छ.
एकशे बारा : सनई.
मुक्तिराममामांचा भाकरीचा घास हातातच राहिला.
"ह्येला दम कामून लागंना?"

मी बोट उचललंच नव्हतं.
तसंच धरलं असतं
तर लाइट जाईस्तोवर वाजत राहिली असती.

मग संबळ शोधत सहाशे आवाज फिरलो.
बर्फाचा आवाज होता, हेलिकॉप्टर होतं,
माणसांच्या टाळ्या होत्या,
संबळ नाही.
तबल्याखाली ढोल सरकवला, डावीकडचं चाक
हळूच खाली ओढलं.
"जवळ आलंय. पण कातडं शेकलं नाही ह्येचं."

मामा उठले. संबळाला गॅसवर ऊब दाखवली,
माइकपुढं वाकड्या काडीचे
तीन ठोके.
खाली कुणीतरी टायर आपटला, तोही आला त्यात.
राहू दिला.

साठवायला यंत्रानं नाव मागितलं.
इंग्रजी आठच अक्षरं मावत होती;
मुक्तिराम बरोबर बसलं.

मामा बराच वेळ काचेतल्या त्या नावाकडं बघत राहिले,
मग म्हणाले,
"फोन नंबर बी टाक की.
कुणाला सुपारी द्यायची आसंल तर?"