उलटं हँडल

माशेलला देवळामागे शीड टांगलं,
होडीचंच, मिठानं ताठरलेलं,
ठिगळ नेमकं मधोमध.
त्यावर कलकत्त्याचे देव आले.

पाट्या बंगालीत. डोक्यावर रेघ आपल्यासारखी,
खाली सगळं परकं.
म्हणून मालकानं रुझारला धरून आणला, तारवटी,
खिदिरपूरच्या गोदीत अकरा वर्षं कोळसा ओढलेला.
वाचता त्यालाही येत नव्हतं,
पण हे चित्र त्यानं तिथं पाहिलं होतं.
अर्धं.

गळ्यात खुरीस, हातात वेळूची काठी.
"ही नवरी. हो तिचो घोव. लोखंडाचं घर,
भिंतीला केसाएवढी फट. आता बघा."
सर्प आला,
आणि बायकांनी हात जोडले
सर्पाला.
आमच्यात ती वारुळात राहते, सांतेर.
देवापुढे नाचून गुडघे गेलेली सुकडें
खांबाला धरून उठली, म्हणाली,
"सांतेर अशें करची ना."
रुझारनं काठी खाली घेतली.
"बाये, ही तांची सांतेर."

मग तराफा, केळीच्या खांबांचा.
मढ्याचं डोकं मांडीवर घेऊन ती एकटी निघाली.
हँडल माझ्या हातात होतं, मी तेरा वर्षांचा;
माझा दंड भरून आला की
तिची नदी मंदावायची.
पेटीवर फोंडू एकच सूर धरून बसलेला.
काठावरचे माड तर आपलेच, कोणीतरी म्हणालं,
ही मांडवीच.

आणि शीड पांढरं झालं.
शेवटचं रीळ कुळ्याला कस्टमात अडकलेलं.
"फुडें?"
रुझार म्हणाला, "म्हाका इतलेंच खबर.
भोंगा झाला, माझी आगबोट सुटत होती."

कोणी उठेना.
बाई पाण्यात, मढं मांडीवर,
असं टाकून घरी जाऊन जेवायचं कसं?

मी हँडल उलटं फिरवलं.

तराफा चढणीला लागला.
मढं उचललं गेलं, बिछान्यावर आलं.
सर्पानं पावलाला तोंड लावलं,
आपलं ते परत घेतलं,
फटीतून शेपटीकडून बाहेर गेला.
नवरा उठून बसला,
तोंडातला विडा काढून
अख्खा तिच्या हातात दिला.

सुकडें म्हणाली, "हां. आतां सांतेर."
रुझारनं टोपी काढली, नुसताच उभा राहिला.

फिल्मची भोकं फाटली म्हणून
मालकानं माझा अर्धा रुपया कापला.

पुष्कळ वर्षांनी एका बंगाली मास्तरानं
मला खरा शेवट सांगितला:
ती स्वर्गात जाते, देवांच्या सभेत नाचते,
तेव्हा कुठे ते नवरा परत देतात.

असेल.
माशेलला तिला नाचावं लागलं नाही.