तोंडओळख

उणे पन्नासला याकूत्स्कमध्ये धुकं उतरतं
ते आठवडा आठवडा हलत नाही.
पापण्यांवर बर्फ, नाकापर्यंत मफलर,
शेजारी शेजाऱ्याला दोन हातांवरून विचारतो, कोण?
तेवढे दिवस सगळं शहर माझ्यासारखं होतं
आणि मला जरा बरी झोप लागते.

बाजारात मासे विकते मी.
लाकडासारखे गोठलेले, बादलीत उभे.
मुक्सून कुठला, चीर कुठला,
एकमेकांवर आपटले की नुसत्या आवाजावरून सांगेन.
गिऱ्हाईक मात्र दर वेळी नवं.
"कालचे पैसे दिले होते ना मी," म्हणाली एक.
मी मान डोलावली. तोटा माझा.
मोत्रुओना, माझी जाऊ, रस्त्यापलीकडून हसली म्हणे.
मी ओळख दाखवली नाही.
चार वर्षं झाली, तिनं ते अजून धरून ठेवलंय.

माणूस म्हणजे मला चाल,
बुटाची एका बाजूनं झिजलेली टाच.
द्युलुस म्हणजे दारातलं दोनदा खाकरणं.
एकोणीस वर्षं खाकरतोय, एकदाही विषय न काढता.
घशाला त्याच्या काहीएक झालेलं नाही.

मग लेनेचा बर्फ फुटला, जून आला,
लोकांना आपापले चेहरे परत मिळाले.
तुयारा येणार होती, नोवोसिबिर्स्कहून, दोन वर्षांनी.
विमानतळावर मी वेणी शोधत होते,
कमरेपर्यंतची, मीच घालायचे ती.
कानापर्यंत केस कापलेली एक मुलगी समोर थांबली.
आवाज दाबून म्हणाली,
शहरात जायची बस कुठून सुटते?
"तुम्ही असं करा, डावीकडून बाहेर पडा.
सुटे आहेत ना तुमच्याकडे? थांबा, देते."

नाणी हातावर ठेवताना
अंगठ्याखालचा डाग दिसला.
चार वर्षांची असताना शेगडीला चिकटला होता हात,
किंचाळत मीच सोडवला होता.

आताही तो हात मी सोडला नाही.
पण तोवर अहो-जाहो होऊन गेलं होतं,
पोटच्या पोरीला.
"मला फक्त बघायचं होतं, आई," ती म्हणाली.
बघणं. तिच्या तोंडी किती सोपा शब्द.

घरापर्यंत ती खिडकीकडे तोंड करून बसली.
मी तिची मान पाठ करत राहिले,
नवी, उघडी, उन्हात न गेलेली.

रात्री द्युलुस दारात खाकरला, दोनदा.
बऱ्याच वेळानं, मी भांडी विसळत असताना,
पाठीमागे आणखी कुणीतरी खाकरलं.
एकदाच. चांगलं जोरात.
राग गेलेला नव्हता.