जोड

पूर्णेच्या विहारात एकच कॅसेट होती,
लंकेच्या भंतेजींनी जाताना ठेवलेली.
वर तिचं नाव, गोल गोल अक्षरांत,
खळ्यात सांडलेल्या ज्वारीसारखं.
वाचणारं कुणी नव्हतं.
आम्ही नुसतं म्हणायचो, लंकेची बाई.

पौर्णिमेला पहाटे ती गायची,
जंक्शनच्या शिट्ट्यांना न जुमानता.

एकदा टेप गुंतली.
भुजंग पंडागळ्यानं ब्लेडनं कापून
चिकटपट्टीनं जोडली.
तेव्हापासून दुसऱ्या कडव्यात
बाई अर्ध्या शब्दावरून उडी मारायची.

बायांनी गाणं पाठ केलं
उडीसकट.
मग त्यांच्या सुनांनी.
कॅसेट कधी मुकी झाली, ध्यानातही नाही.

गेल्या माघात
अजिंठ्याला निघालेला लंकेचा एक म्हातारा
गाडी चुकली म्हणून विहारात आला.
बाया गात होत्या.
तो दारातच उभा, चपला हातात.

मग तोडक्या हिंदीत सांगितलं:
ती गेली. आमच्याकडं दुकानं बंद होती त्या दिवशी.
सिनेमावालेही रडले, भिक्खूही.
आणि तुमची एक ओळ राहिलीय.

त्यानं गाऊन दाखवली,
फाटक्या आवाजात, डोळे मिटून.

गयाबाईनं नीट ऐकून घेतली.
म्हणाली, चांगली हाय बाबा,
पर तिथं आम्ही दम घेतो.