रकाना सहा

अर्जात सहावा रकाना आहे :
वकिलीची वर्षे.
खाली बारीक अक्षरांत,
नोकरीची वर्षे धरू नयेत.

नऊ वर्षे मी उभी आहे सिंदेवाहीच्या कोर्टात,
सरकारी बाजूच्या टेबलाशी,
ज्याचा एक पाय विटेवर आहे.
काळा कोट माझा, शिलाई माझी,
पगार कोषागाराचा.
बाररूममधले नन्नावरे वकील हसतात :
"बाई, तुमी त हजेरीपटावरच्या.
वकील म्हंजे ज्याले पक्षकार सोडून जाऊ शकते."

खरं आहे.
मला माझा पक्षकार कधीच सोडत नाही.
मोहाच्या दारूच्या कॅन, रेतीचा ट्रॅक्टर,
डुकरासाठी लावलेल्या तारेत गेलेला गुराखी,
धानाच्या बांधावरून फुटलेलं डोकं,
सगळे सकाळी अकराला
माझ्या नावावर हजर.

सनद कपाटात आहे, वीजबिलांखाली.
नोकरी लागली तेव्हा जमा करायची की ठेवायची
कुणालाच नक्की ठाऊक नव्हतं.
एक म्हणाला कर, एक म्हणाला नको.
मी झेरॉक्स जमा केली.

अनुभवाचा दाखला टाईप करताना
लिपिक दडमल थांबतो.
"काय लिवू जी? वकिली केली,
का सेवा बजावली?"
कर्सर लुकलुकत राहतो.

मला तो बुधवार आठवतो.
सिंधूबाई शेरकी, वय साठ, दारूची केस.
पंच डोमा.
चौदा खटल्यांतला पंच,
त्यातल्या दोन धाडी एकाच तासाला,
नऊ कोसांच्या अंतरावर.
ठाणेदार मागच्या बाकावर.
आरोपीस शिक्षा व्हावी, हे तोंडात तयार होतं.
उठले, आणि म्हणाले,
"साहेब, या पंचावर माझाच भरवसा नाही."
साहेबांनी पेन खाली ठेवला.
ठाण्यातून पुढचा महिनाभर
एकही फाईल वेळेवर आली नाही.

सायकल स्टँडपाशी सिंधूबाईने गाठलं.
"माय, तू कोनाची वकील होतीस?"
टोमणा नव्हता. तिला खरंच कळलं नव्हतं.
मलाही सांगता येईना.
म्हटलं, "नवरगावची गाडी साडेचारला आहे, जा."

त्या दिवसाचा पगार
मी नंतर भागाकार करून काढला :
इतर दिवसांएवढाच.

दडमल वाट बघतोय.
"लिहा, नऊ वर्षे उभी राहिली."
"असा मजकूर नमुन्यात नाई जी, बाई."
"मग जागा सोडा."

तो सोडत नाही.
सरकारी कागदावर मोकळी जागा ठेवू नये,
मागून कोणीही काहीही भरते, म्हणतो.
तिथे एक आडवी रेघ ओढतो
आणि डबा घेऊन उठतो.