कच्चं चित्र

परत निघालेल्या फिलिपिनो कुटुंबाचा टीव्ही
तीस रियालला घेतला आम्ही, तिघांत मिळून.
पंचावन्न इंची. खालच्या कोपऱ्यात
त्यांच्या पोराने चिकटवलेला डायनासोर.
नखाने निघेना, राहू दिला.

गुरुवारी रात्री फुटबॉल लावला.
मी बटण दाबलं. माझा गडी
जरा थांबला, मलाच म्हणताय ना, असं बघितल्यासारखा,
आणि मग लाथ मारली.
चेंडू तोवर मुनाफच्या पायात.
तीन-शून्य. सहा-शून्य.
"हात जड झाला तुझा, दत्ताराम."

माझा हात?
अकरा वर्षं सोहार बंदरात क्रेनवर आहे मी.
काचेच्या तळातून चाळीस मीटर खाली बघत
तीस टनांचा डबा बशीसारखा टेकवतो.
लिव्हर ओढल्यावर डबा किती उशिरा ऐकतो
ते माझ्या कोपराला पाठ आहे.
पण तो उशीर वजनाचा, वाऱ्याचा.
इथे कसलं वजन?

जागा बदलल्या, तेव्हा मुनाफही हरला.
म्हणजे दोष टीव्हीचा.

मेनू सगळा अरबी, उजवीकडून डावीकडे.
भाषा बदलायची खूण कुठे आहे, तेही अरबीतच.
मुनाफला दापोलीच्या मदरशातली अक्षरं येतात,
अर्थ येत नाही.
तो घोकून वाचायचा,
आणि दारात चहाचा ग्लास घेऊन उभा बशीर,
बिल्डिंगचा सुदानी वॉचमन,
मोडक्या हिंदीत अर्थ सांगायचा.
"हे? गोंगाट कमी करणं."
चित्राला कसला आलाय गोंगाट!
"हे, हालचाल गुळगुळीत करणं. हे, रंग जिवंत."

तेव्हा कुठे डोक्यात प्रकाश पडला.
आलेलं चित्र हा बाबा आल्याआल्या दाखवतच नाही.
आत बसवून ठेवतो, तोंड धुतो, पावडर लावतो,
दोन चित्रांच्या मधे
स्वतःच्या मनाने तिसरं घालतो,
जे मैदानावर कधी घडलंच नाही.
आणि मग पडदा उघडतो.
गोल तोवर होऊन गेलेला.

एकेक बंद करत गेलो.
शेवटी बशीर म्हणाला, "हे बघ, खेळाची अवस्था."
ती चालू केली.
गवत राठ झालं. चेहरे फिके,
खांद्यांच्या कडा करवतीसारख्या.
मुनाफ म्हणाला, "ईद उलटलेल्या दिवसासारखं दिसतंय रे."
पण बोट दाबलं आणि पाय उडाला,
त्याच घटकेला.
चार-तीन हरलो. हरलो, पण मीच हरलो.

शनिवारी घरी फोन.
"सगळं ठीक," सुलक्षणा म्हणाली,
नेहमीच्या गुळगुळीत आवाजात.
भावाचं ऑपरेशन मला कळलं
ते टाके काढल्यावर.
आता सांगायला हरकत नाही, अशीच आमच्याकडची
प्रत्येक बातमी सुरू होते.
मी तरी काय कमी?
जूनमध्ये केबिनमध्ये डोळ्यांपुढे अंधारी आली,
दोन माणसांनी धरून उतरवलं,
घरी सांगितलं, क्रेन बंद होती, आराम झाला.

त्या दिवशी जूनचं ते सांगून टाकलं.
म्हटलं, आता तू सांग. धुऊनपुसून नको.
आहे तसं.

पलीकडे कुकरची शिट्टी झाली.
"गार्गी तुमच्याशी बोलायचं नाही म्हणते," ती म्हणाली.
"लपत नाही, कामात नाही, इथेच बसलीय समोर.
म्हणते, बाबांना काय सांगायचं, ते पाहुणे आहेत."

नेट चांगलं होतं. शब्द स्वच्छ पोचले.
भिंतीवर बंद टीव्ही,
त्याच्या कोपऱ्यात हिरवा डायनासोर.

उत्तर द्यायला मला
फार उशीर लागला.