दुसरी डिस्क

कायतान तारवटीनं बुसानच्या बंदरातून आणली होती
ती खरी डीव्हीडी, वेष्टनावरचा सेलोफेनसुद्धा शाबूत.
आमच्या यंत्रानं ती दोनदा हुंगली
आणि थुंकून टाकली: हा विभाग तुमचा नव्हे.
एवढा समुद्र ओलांडून आलेल्या भुताला
कुडचड्यात उतरायचा परवाना नव्हता.

मग इनासच्या दुकानात तीच कथा मिळाली, व्हीसीडीवर.
दोन चकत्या एका प्लास्टिकच्या पिशवीत,
रात्रीचे वीस रुपये, उशीर झाला तर वर दहा.
खाली मलय भाषेतली अक्षरं, त्यांचेही पाय कापलेले.
खनिजाच्या ट्रकांची लाल धूळ चकतीवर बसायची.
मी ती जुन्या बनियननं पुसायचो, आतून बाहेर, सरळ.
गोल पुसायचं नाही, इनासनं बजावलं होतं,
गोल पुसलंस तर गोष्ट अडकते.

अंधार तेव्हा काळा नव्हता.
चौकोन होते नुसते, करडे, राखाडी, शेवाळी,
एकमेकांवर सरकणारे,
आणि त्यांतला कुठला चौकोन म्हणजे तिचे केस
हे आम्ही भांडून ठरवायचो.
उदेश म्हणे, कपाट आहे ते.
कपाट हलतं का, मी म्हणे.
कायतानचा बेनी उशीमागून विचारायचा, गेली?

पोरीनं न्हाणीच्या दाराला हात लावला
आणि पहिली डिस्क संपली.
नेमकी तिथंच.
मी उठायचो. ट्रे बाहेर येताना कण्हायचा.
तेवढ्या वेळात टीव्हीच्या फुगीर काचेत
आम्ही सगळे दिसायचो,
डोकी मोठी, पाय बारीक,
सोफ्यावर चौघे, खाली तिघे,
आणि मागे, स्वयंपाकघराच्या दारात,
काच जिथं वळते तिथं लांबट होऊन गेलेली
नलूआते, हातात ओलं फडकं.

ती कधी बसली नाही.
ये म्हणून कुणी सरकलंही नाही.
एकदाच विचारलं तिनं,
‘त्या बायलेचें नांव कितें रे?’
भुताला कसलं नाव, आम्ही हसलो.
दुसरी डिस्क फिरायला लागली होती.

वीस वर्षांनी, फातोर्ड्याच्या फ्लॅटमध्ये,
तोच सिनेमा, ना चकती ना ट्रे, हवेतून उतरलेला.
बघतो तर चित्राला दोन्ही बाजूंना
हात-हातभर घर आहे.
आमच्या चौकोनी टीव्हीत बसावं म्हणून
कुणीतरी कडा छाटल्या होत्या.
त्या छाटणीत ती होती.
पहिल्याच प्रसंगात, भर उन्हात,
सगळे जेवताहेत
आणि डाव्या काठाला ती उभी, हातात किटली.
मेल्यानंतरची की आधीची, कळत नाही.
कुणी मान वर करत नाही.
आणि आम्हाला आपलं वाटायचं
ती दुसऱ्या डिस्कमध्ये येते.

बाराव्या मिनिटाला नवरा हाक मारतो.
अक्षरं आता अखंड, पायांसकट:
सुन-ओक, आणखी भात.

आतेला सांगायला हवं होतं.
आमच्या रेशनकार्डावर ती सगळ्यांत खाली होती,
नात्याच्या रकान्यात ‘इतर’.

चित्र थांबवतो. ते थांबतं,
थरथरत नाही, आडवी रेघ नाही, काही नाही.
किटलीतून वाफ निघत होती हेही आज दिसलं.

मग टीव्हीच बंद करतो
आणि समोर बसून राहतो, बघत.
पण हा पडदा सपाट आहे, मॅट.
मडगावचा दुकानदार बोट फिरवून फिरवून सांगत होता,
साहेब, मागं दिवा लावा, दार उघडं ठेवा,
यात खोलीतलं काही म्हणजे काही उमटत नाही.