कुंपणापर्यंत

पोर्ट पिरीत, शिशाच्या भट्टीचं धुराडं जिथून सगळ्या खिडक्यांत दिसतं
त्या गल्लीत, गॅरेजचं दार अर्धं उघडं टाकून
म्हातारा नुन्झिओ पेटी बांधतोय.
चार फूट लांब, दोन फूट रुंद, दोन फूट उंच.
पुढून काच, बाकी प्लायवुड.
"शवपेटी वाटते," मोरीन म्हणाली, चहा ठेवता ठेवता.
"शवपेटीला एवढी भोकं नसतात," तो म्हणाला.

भोकं खरंच बरीच.
डावीकडे खाली तीन, उजवीकडे वर तीन.
गार हवा खालून शिरावी, तापलेली वरून निघून जावी.
भट्टीवर वायरमन म्हणून उभा जन्म गेला, त्यात एवढं कळलं :
उष्णतेला जायला वाट ठेवा,
नाहीतर ती आपली आपण काढते.
प्रत्येक भोकावर जाळी, जाळीला पत्र्याची चौकट,
कारण घरात तेरा वर्षांचं एक मांजर आहे, एका डोळ्याचं,
आणि त्या एका डोळ्यात बरंच काही मावतं.

सरडा तोवर न्हाणीघरात, कोरड्या टबात, जुन्या टॉवेलवर.
वीतभर अंग, तेवढंच शेपूट, गळ्याखाली काट्यांची दाढी.
नातीने, इमोजेनने, नवी खोली भाड्याने घेतली
तेव्हा आधीचा भाडेकरू मागे ठेवून गेलेला :
न भरलेली बिलं, तीन पायांची खुर्ची, आणि हा.
पोटावर डाग, नाण्याएवढा, भाजल्याचा.
कुणीतरी त्याला विजेवर तापणारा दगड दिला होता बसायला.
सरड्याला ऊन वरून कळतं.
खालून पोट भाजतंय हे वेळेवर कळतच नाही त्याला,
तो बसून राहतो
ऊब समजून.

नुन्झिओने बाही मनगटापर्यंत ओढून घेतली.

म्हणून दिवा वर. दिव्यालाच पिंजरा,
उडी मारली तरी अंग बल्बला टेकायला नको.
एका टोकाला चाळीस अंश, दुसऱ्या टोकाला पंचवीस,
मधलं त्याचं त्याने ठरवावं.
अर्ध्या छतावर लांब पांढरी नळी, हाडांसाठीचं न दिसणारं ऊन.
ती दर वर्षी बदलायची, जळत असली तरी.
उजेड तसाच दिसत राहतो,
ऊन कधीच संपलेलं असतं.
(मोरीनकडे त्याने इथे पाहिलं नाही.)

वाळू नाही, पोटात जाऊन बसते. उरलेल्या फरश्या घातल्या.
मॅलीची एक फांदी, बुरशी-किडे मरावेत म्हणून ओव्हनमध्ये भाजलेली.
त्या रविवारी जेवण बाहेर झालं.
सिलिकॉनचा वास जाईपर्यंत तीन दिवस नुसतं थांबणं.
सरकत्या काचांना एवढंसं कुलूप, किल्ली बिस्किटांच्या डब्यात.

"पळून पळून जाणार कुठे तो?" इमोजेन हसली.

सरड्याची धाव कुंपणापर्यंत,
हे म्हणणाऱ्याने कधी कुंपण बांधलेलं नसणार.
धाव जिथे संपते
तिथेच तो नाक घासतो दिवसभर.
खिळ्याचं टोक, प्लायवुडची कूस, काचेची धार :
नुन्झिओने सगळ्या कडांवरून अंगठा फिरवला,
मग पुन्हा एकदा, डोळे मिटून.

आत सोडल्यावर त्याने काचेतल्या सरड्याला दाढी काळी करून दाखवली.
मग तिन्ही बाजूंना आतून तपकिरी कागद लावला.
डोक्यावर त्याला तिसरा डोळा असतो, खवल्याएवढा,
चेहरा ओळखत नाही, सावली तेवढी ओळखतो.
वरून आलेला हात म्हणजे घार.
म्हणून हात बाजूने न्यायचा, खालून, उताणा,
आधी थोडा आवाज करून.
त्या वॉर्डात एक नर्स अशीच यायची,
ट्रॉली उगाच दाराला आपटून.
नाव आठवत नाही. आवाज आठवतो.

आज सकाळी बाहेर कुंपणाच्या खांबावर
एक रानातला बसला होता, खऱ्या उन्हात, फुकटच्या.
खिडकीकडे बघत त्याने पुढचा एक पाय उचलला
आणि हवेत हळूच गोल फिरवला,
म्हणजे मी लहान, मला काही करू नकोस.
आतला दिव्याखाली डोळे मिटून पडलेला, त्याला पत्ता नाही.
नुन्झिओने मागे वळून पाहिलं, मोरीन नाही ना,
आणि आपलाही हात उचलला.

मग थर्मामीटर पाहिला. सदतीस.
दिवा एक बोट खाली घेतला.